दुष्काळाला दैवत का नाही? : माणदेशी देवकल्पना, स्थलांतर आणि ‘बनगरवाडी’

१

पाऊस न येणे ही ज्या समाजांची पिढ्यान्‌पिढ्यांची चिंता आहे, अशा अनेक समाजांनी त्या न येण्याला एक रूप दिलेले आढळते. प्राचीन इजिप्तमध्ये नाईलकाठची काळी माती आणि तिच्यापलीकडची लाल, ओसाड भूमी असे जगाचे दोन भाग मानले जात. त्या लाल भूमीचा स्वामी सेत हा देव होता. उगारित येथे सापडलेल्या मृत्पट्टिकांत मोत हा मृत्युदेव पर्जन्यदेव बआलला गिळतो आणि भूमी सुकून जाते. ऋग्वेदात पाणी अडवून धरणारा वृत्र आहे, शुष्ण आहे. इंद्र त्यांना मारतो तेव्हा पाणी मोकळे होते. या तिन्ही ठिकाणी कोरडेपणा हा कोणीतरी ‘आहे’. त्याच्याशी लढता येते, त्याला शरण जाता येते.

मग महाराष्ट्राच्या पर्जन्यछायेतील प्रदेशाने दुष्काळाला असे रूप दिले आहे काय? प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा विचार माणदेशापुरता केला आहे. माण नदी सातारा जिल्ह्यात उगम पावते आणि म्हसवड, आटपाडी, सांगोला या भागांतून वाहत जाऊन पुढे भीमेला मिळते. तिच्या खोऱ्यात वर्षाला पाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. त्याच सातारा जिल्ह्यात महाबळेश्वरला तो साडेपाच हजार मिलिमीटरहून अधिक पडतो. या कोरड्या पट्ट्यातून बाहेर पडलेली माणसे शंभर वर्षांहून अधिक काळ मुंबईत येत राहिली. लालबाग-परळच्या गिरण्यांत, दाणाबंदरच्या गोदामांत, झवेरी बाजारातील गलाईच्या भट्ट्यांवर त्यांनी काम केले. या प्रदेशाला मराठी साहित्यात कायमचे स्थान देणारी ‘बनगरवाडी’ ही व्यंकटेश माडगूळकरांची कादंबरीही १९५५ साली गिरगावातील मौज प्रकाशनाने पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली. म्हणून हा प्रश्न केवळ लोकदैवतांच्या अभ्यासकाचा राहत नाही. मुंबईत बसून मराठी साहित्य वाचणाऱ्या आणि शिकवणाऱ्यांनाही तो टाळता येण्याजोगा नाही.

२

प्रारंभीच एक विसंगती नोंदवली पाहिजे. आपल्या परंपरेला संकटाचे दैवत करणे अपरिचित नाही. देवीचा रोग आला तेव्हा रोगालाच ‘देवी’ म्हटले गेले. शीतलादेवीचे देऊळ मुंबईत माहीमला आहे. पटकीच्या साथीशी मरीआईचे नाव जोडले गेले. गावोगावी मरीआईचा गाडा निघे, वाजतगाजत शिवेपर्यंत नेला जाई आणि शिवेबाहेर सोडला जाई. अंगावर आसूड ओढणारा पोतराज आणि डोक्यावर देव्हारा घेतलेली त्याची बाई यांना गिरगाव-लालबागच्या गल्ल्यांनीही पाहिले आहे. दारिद्र्यालासुद्धा आपण अक्काबाई हे नाव दिले. घरावर ‘अक्काबाईचा फेरा’ आला असे आपण आजही म्हणतो.

दुष्काळाच्या बाबतीत मात्र असे घडलेले दिसत नाही. याला एक अपवाद सुचवता येईल. चौदाव्या शतकाच्या अखेरीस सुरू झालेला आणि परंपरेने बारा वर्षांचा मानलेला दुष्काळ ‘दुर्गादेवीचा दुष्काळ’ या नावाने ओळखला जातो. त्याचा काळ सामान्यतः १३९६ ते १४०७ असा दिला जातो. नाव देवीचे आहे. परंतु मरीआईसारखा गाडा, पोतराजासारखा उपासक, शिवेबाहेर पोहोचवण्यासारखा विधी या नावाभोवती रूढ झाला नाही. ते एका आपत्तीचे नाव म्हणून राहिले, उपास्याचे झाले नाही.

असे का व्हावे? आमच्या मते याचे उत्तर संकटाच्या व्याप्तीत आहे. अक्काबाई एका घरावर येते. मरीआई एका गावावर येते. घराला उंबरा आहे, गावाला शीव आहे. म्हणून आलेल्याला बाहेर घालवण्याची कल्पना करता येते. दुष्काळ मुलखावर येतो. शिवेच्या अलीकडे जे आहे तेच पलीकडे आहे; त्याला नेऊन सोडायचे कोठे? साथीत देवीला शिवेबाहेर नेता येते, दुष्काळात माणसालाच शिवेबाहेर जावे लागते. माणदेशी बोलीत या जाण्याला ‘जगायला जाणे’ म्हणतात. हा शब्दप्रयोग नीट ऐकला पाहिजे. त्यात कोणा देवाच्या कोपाचा उल्लेख नाही, नशिबाचाही नाही; गाव सोडण्याचे प्रयोजन तेवढे सांगितले आहे.

३

या प्रदेशाचे देव कोणते, हे पाहिले म्हणजे मुद्दा अधिक स्पष्ट होतो. म्हसवड आणि खरसुंडीचा सिद्धनाथ, आरेवाडीचा बिरोबा, शिखर शिंगणापूरचा शंभुमहादेव, वीरचा म्हस्कोबा, जेजुरीचा खंडोबा : यांतील बहुतेकांचा धनगर समाजाशी जिव्हाळ्याचा संबंध आहे. गुंथर सोन्थायमर यांनी धनगरांच्या वाड्यांबरोबर राहून, त्यांच्या ओव्या ध्वनिमुद्रित करून पश्चिम भारतातील पशुपालकांच्या दैवतांचा जो अभ्यास केला (मूळ जर्मन ग्रंथ १९७६, इंग्रजी अनुवाद १९८९), त्यातून एक महत्त्वाची गोष्ट पुढे आली. कमी पावसाचा गवताळ प्रदेश हा मेंढपाळाला शापित वाटत नाही. तो त्याचा स्वाभाविक प्रदेश आहे. मेंढराला सततचा पाऊस आणि चिखल सोसत नाही. म्हणून पावसाळ्यात धनगर माणदेशासारख्या उघड्या माळावर असतो आणि पाऊस सरल्यावर कळप घेऊन खाली उतरतो. कित्येक वाडे कोकणात जातात, भात निघालेल्या खाचरांत मेंढरे बसवतात, खताच्या मोबदल्यात धान्य घेतात आणि मृगाच्या आधी घाट चढून परत येतात.

याचा अर्थ असा की, ‘कोरडेपणा’ आणि ‘दुष्काळ’ या दोन भिन्न गोष्टी आहेत आणि आपण त्यांची गल्लत करतो. कोरडेपणा ही त्या भूमीची प्रकृती आहे. तिच्याशी जुळवून घेतलेली एक जीवनपद्धती तेथे शतकानुशतके उभी होती. त्या जीवनपद्धतीचाच ताल ज्या वर्षी बिघडतो, ते दुष्काळाचे वर्ष. बिरोबा आणि सिद्धनाथ हे कोरड्या भूमीचे देव आहेत, दुष्काळाचे नव्हेत. माळ, मेंढरू, वाट आणि मुक्काम यांच्याशी त्यांचे नाते आहे. ते स्वतःही एका ठिकाणी बसून राहणारे नाहीत. त्यांच्या कथांत देव एका भक्तासाठी मूळ ठाणे सोडून दुसऱ्या ठिकाणी येतो, हे कथाबीज पुन्हा पुन्हा आढळते. जे लोक चालतात त्यांचा देवही चालतो.

पंढरपूरचा विठ्ठल याच कोरड्या पट्ट्याच्या कडेला उभा आहे, हे येथे आठवावे. रा. चिं. ढेरे यांनी ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ (१९८४) या ग्रंथात विठ्ठलाचे मूळ गोपजनांच्या दैवतात शोधले. कोल्हापूर जिल्ह्यातील पट्टणकोडोलीला विठ्ठल आणि बिरदेव आजही जोडीने पूजले जातात. वारकरी संप्रदायाने ज्याला महाराष्ट्राचे दैवत केले, त्याची एक बाजू अजून माळावरच आहे.

४

मग पाऊस लांबला म्हणजे या देवांकडे काय मागितले जाते? येथे तीन प्रकारचे आचार वेगळे करून पाहता येतील.

पहिला आचार देवाला पाणी नेण्याचा. शिखर शिंगणापूरच्या चैत्री यात्रेत दूरदूरच्या गावांहून कावडी येतात. त्यांत सासवडची, तेल्या भुतोजीच्या नावाने ओळखली जाणारी कावड विशेष मानाची. चैत्र शुद्ध द्वादशीला मुंगी घाटाच्या उभ्या कड्यावरून, माणसांची साखळी करून, जड कावडी वर चढवल्या जातात आणि त्या पाण्याने शंभुमहादेवाला अभिषेक होतो. ज्या डोंगरावर पाण्याची इतकी टंचाई की मालोजी भोसल्यांनी तेथे तळे बांधले ही आठवण चार शतके टिकून राहिली, त्या डोंगरावर भर चैत्रात हे घडते. येथे देव पाणी देत नाही. भक्त देवाला पाणी पाजतो. देव या उन्हाळ्यात त्यांच्याइतकाच तहानलेला आहे.

दुसरा आचार भाकणुकीचा. पट्टणकोडोलीच्या यात्रेला सोलापूर जिल्ह्यातील अंजनगावहून फरांडेबाबा पायी येतात, भंडाऱ्याच्या उधळणीत तलवारीने हेडाम खेळतात आणि येत्या वर्षाची भाकणूक सांगतात : पाऊस कसा होईल, कोणते धान्य महागेल, कोठे रोगराई येईल. वीरच्या म्हस्कोबाच्या माघी यात्रेतही भाकणूक होते. भाकणुकीचे स्वरूप वराचे नाही, वार्तेचे आहे. पाऊस पाडण्याचे आश्वासन तीत नसते. पाऊस कोठे पडेल आणि कोठे नाही एवढे सांगितलेले असते. कळप कोणत्या दिशेला वळवायचा हे ज्याला ठरवायचे आहे, त्याला वरापेक्षा वार्ताच अधिक उपयोगाची असते.

तिसरा आचार याचनेचा आणि अडवणुकीचा. कडुनिंबाच्या डहाळ्या अंगाला गुंडाळून मुले दारोदार धोंडी मागत फिरतात, घरोघरच्या बाया त्यांच्यावर पाणी ओततात. काही गावी महादेवाचा गाभारा पाण्याने भरून पिंडी बुडवतात. याला महादेव कोंडणे म्हणतात. या आचारात देवाने पाऊस पाडावा ही अपेक्षा निश्चितच आहे, आणि आमच्या प्रतिपादनाविरुद्ध तो पुरावा म्हणून मांडता येईल. तथापि येथेही दुष्काळाला देवत्व नाही. ज्याला कोंडता येते, ज्याच्यावर रुसता येते, तो आपलाच असतो. दुष्काळ कोणी तिसराच, बिननावाचा राहतो.

५

दुष्काळाला देव न केल्याचा एक नैतिक परिणामही आहे, आणि तो आपल्या संतचरित्रांत उतरला आहे. दामाजीपंतांची कथा माणच्याच मुलखातल्या मंगळवेढ्याची. महिपतीच्या ‘भक्तविजया’ने ती घरोघरी पोहोचवली. दुष्काळात माणसे अन्नावाचून मरत असता बेदरच्या बादशहाचा हा अधिकारी सरकारी धान्याची कोठारे खुली करतो; त्याला पकडून नेले जाते; तेवढ्यात विठू महार नावाचा कोणी एक दरबारात येऊन धान्याची किंमत भरून पावती घेऊन जातो. या कथेत विठ्ठल काय करतो ते बारकाईने पाहिले पाहिजे. तो पाऊस पाडत नाही. दुष्काळ हटवत नाही. कोठार उघडायचा निर्णय दामाजीने आधीच घेतलेला आहे. देव येतो तो फक्त त्या निर्णयाची किंमत चुकवायला. आणि येतो तोही गावाचा निरोप व रक्कम वाहून नेणाऱ्या महाराच्या रूपाने.

म्हणजे परंपरेने दुष्काळाचा प्रश्न आकाशातून काढून कोठाराच्या दाराशी आणून ठेवला. दुष्काळ एखाद्या देवतेचा कोप ठरला असता तर कोठाराच्या किल्ल्या कोणाकडे आहेत हा प्रश्न विचारण्याचे कारण उरले नसते. त्याच मंगळवेढ्याचा चोखामेळा देवळाच्या दाराबाहेर राहिला, ही गोष्ट विसरून मात्र ही कथा वाचता येणार नाही. देवाला महार होता आले; महाराला देवळात जाता आले नाही. आटपाडीचे शंकरराव खरात यांनी ‘तराळ-अंतराळ’ (१९८१) या आत्मचरित्रात माणदेशाचे जे चित्र रेखाटले, ते याच निरोप वाहणाऱ्या तराळाच्या घरातून दिसणारे आहे. माडगूळकर आणि खरात एकाच परिसराचे. दोघांना शेजारी ठेवून वाचल्याखेरीज माणदेश पुरा वाचला असे म्हणता येत नाही.

तुकोबांच्या जीवनातील दुष्काळही येथे नोंदवला पाहिजे. १६३० च्या सुमाराच्या भीषण दुष्काळात त्यांचा व्यवसाय बुडाला, अन्नावाचून पत्नी गेली. आपल्या आत्मपर अभंगात ते हे सांगतात आणि त्यापाठोपाठ भंगलेले देऊळ सावरण्याची इच्छा सांगतात. घर मोडल्यावर देवाचे घर बांधण्याचा विचार मनात येणे, हा क्रम कोपलेल्या देवाच्या शांतीचा नव्हे. तोही आपल्यासारखाच उघड्यावर पडला आहे, या जाणिवेचा तो क्रम असावा.

६

या पार्श्वभूमीवर ‘बनगरवाडी’कडे वळता येते. औंध संस्थानातील एका धनगरवस्तीवर राजाराम सौंदणीकर हा तरुण मास्तर म्हणून येतो, शाळा जमवतो, कारभाऱ्यापासून आयबूपर्यंत माणसांत मिसळतो, साऱ्या वाडीच्या श्रमांतून तालीम उभी राहते, तिच्यासाठी राजेसाहेब येतात. मग पाऊस पाठ फिरवतो. चारा संपतो, मेंढरे मरतात, माणसे एकामागून एक जगायला बाहेर पडतात. शाळेत मुले उरत नाहीत आणि अखेर मास्तरही निघतो.

या शेवटाचे विवेचन करताना निसर्गाचे क्रौर्य, नियतीचा घाला असे शब्द सहज वापरले जातात. ते वापरताना आपण नकळत दुष्काळाला एक दैवत बहाल करत असतो. तेच दैवत, जे त्या माणसांनी कधी मानले नाही. माडगूळकरांचे निवेदन या बाबतीत अधिक प्रामाणिक आहे. दुष्काळ तेथे रौद्र रूप घेऊन येत नाही. तो हिशेबाने येतो. तोंडे किती आणि चारा किती, असा तो हिशेब आहे. आक्रोश नाही, शाप नाही. माणसे निघतात, कारण निघणे हे त्यांना ठाऊक असलेले सर्वांत जुने उत्तर आहे. ज्या समाजाचे जीवनच चालण्यावर उभे आहे, त्याच्या दृष्टीने गाव रिकामे होणे हा केवळ विनाश नसतो. ती त्यांच्या नेहमीच्या फेऱ्याची लांबलेली, कदाचित न परतणारी फेरी असते.

खरी शोकांतिका तालमीची आणि शाळेची आहे. त्या दोन्ही वास्तू जागच्या हलू शकत नाहीत. बिरोबाचा देव वाटेने चालतो. शाळा चालू शकत नाही. स्थिर गावाच्या कल्पनेवर उभी राहिलेली नवी व्यवस्था कोरड्या भूमीत रुजवण्याचा एक सहृदय प्रयत्न आणि त्याचे अपयश, असा ‘बनगरवाडी’चा गाभा मानल्यास तिचा शेवट अधिक अर्थपूर्ण होतो.

७

जगायला निघालेली ही माणसे कोठे गेली, याचे एक उत्तर मुंबई हे आहे. ज्या शहरात वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो, तेथे पावसासाठी झुरलेल्या मुलखातली माणसे चाळीच्या एका खोलीत पाळीपाळीने झोपली. घाटावरचा कामगार गिरणीत शिरला. दाणाबंदरात सातारा-सांगलीकडील माथाडी धान्याच्या गोणी वाहत होता. ज्यांच्या गावी कोठारे रिकामी, तेच शहराचे कोठार पाठीवरून भरत होते. १९६९ च्या कायद्याने त्या कामगाराला काही संरक्षण मिळाले. आटपाडी-खानापूर भागातील माणसे सोन्याचांदीच्या गलाईत शिरली आणि झवेरी बाजारातून देशभर पसरली.

त्यांच्याबरोबर देवही आले, पण मुक्कामाला आले. घरातल्या देव्हाऱ्यातील टाक, म्हणजे चांदीच्या पत्र्यावर ठसवलेली देवाची लहान प्रतिमा, ही मुळातच कमरेला बांधून नेता येईल अशी वस्तू आहे. खंडोबा, बिरोबा, सिद्धनाथ परळच्या खोलीत फळीवर बसले. मूळ ठाणे मात्र गावीच राहिले. म्हणून म्हसवडला मार्गशीर्ष शुद्ध प्रतिपदेला रथ निघतो तेव्हा ‘मुंबईकर’ गावी यायचा. त्याच्या वर्गणीतून देवळांचे जीर्णोद्धार झाले. वडाळ्याच्या विठ्ठलमंदिरात आषाढीला, भर पावसात लागणारी रांगही याच नात्याने पाहता येते. ज्यांना वारीला जाता येत नाही, त्यांच्यासाठी कोरड्या पठारावरचा देव समुद्रकाठी उभा राहिलेला आहे.

गिरणगावच्या साहित्यात गावी राहिलेल्या माणसाची आठवण ठसठशीत आहे. अण्णा भाऊ साठ्यांची ‘माझी मैना’ हे तिचे सर्वांना ठाऊक असलेले उदाहरण. गावी राहिलेल्या देवाकडे आपल्या समीक्षेचे लक्ष मात्र फारसे गेले नाही. कामगार साहित्य म्हटले की संप, मोर्चा, लाल बावटा डोळ्यांसमोर येतो आणि देव्हाऱ्याची फळी मागासलेपणाच्या खात्यात टाकली जाते. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाने सुमारे अडीच लाख कामगारांना रस्त्यावर आणले, तेव्हा त्यांतील अनेकांनी पुन्हा गावाची वाट धरली. घाटावरच्या कोरड्या टापूतून आलेल्यांना १९७२ च्या दुष्काळातील खडी फोडण्याची कामे अजून विसरली नव्हती. या वेळी पाऊस दडी मारून बसला नव्हता. तरीही जाणे तसेच होते. जगायला आलेला माणूस जगायला परत गेला.

८

विवेचनाचा निष्कर्ष थोडक्यात असा सांगता येईल. माणदेशाने दुष्काळाला दैवत दिले नाही, कारण दुष्काळाला शिवेबाहेर घालवता येत नाही, त्याच्यापासून निघून जाता येते. त्या लोकांनी देव केला तो वाटेचा : वार्ता सांगणारा, पाणी पाजावे लागणारा, कमरेला बांधून नेता येणारा. आणि अन्नाचा प्रश्न त्यांनी देवाकडे न सोपवता कोठारवाल्याकडे ठेवला. ही दृष्टी समजून घेतल्यास दुष्काळाविषयीच्या साहित्याला ‘नियतीवादी’ म्हणून निकालात काढण्याची आपली सवय तपासून पाहावी लागेल.

अध्यापनाच्या दृष्टीने एक सूचना करून हा लेख संपवितो. ‘बनगरवाडी’ शिकवताना तिच्या शेजारी दामाजीची कथा आणि ‘तराळ-अंतराळ’ ठेवून पाहावे. शिवाय लालबाग, परळ, करी रोड येथील ज्या चाळी अद्याप उभ्या आहेत, त्यांतील गावकरी मंडळांच्या वर्गणीच्या पावत्या, जत्रेची निमंत्रणे, हिशेबाच्या वह्या विद्यार्थ्यांनी पाहाव्यात. दर पुनर्विकासाबरोबर त्या रद्दीत जात आहेत. कोणत्या दुष्काळानंतर कोणत्या गावाची माणसे कोणत्या चाळीत आली आणि त्यांनी आपल्या देवाला दर वर्षी किती रुपये पाठवले, हे त्या वह्यांत लिहिलेले आहे. माणदेशाच्या साहित्याचा तो अद्याप न वाचलेला भाग आहे.